शेवटचे कडवे कोठे गेले?

(बी. ए. द्वितीय वर्ष)

‘डीजे’ हा शब्द कानी पडला की आपल्या समाजात ताबडतोब दोन तट पडतात. एका तटावरची मंडळी म्हणतात, हा निव्वळ धिंगाणा आहे, याने कान फुटतात, संस्कृती बुडते आणि तरुण पिढी वाया जाते. दुसऱ्या तटावरची मंडळी म्हणतात, वर्षातले चार दिवस आमचे असतात, त्या दिवशी तरी आम्हाला मनसोक्त नाचू द्या. जयंती किंवा गणेशोत्सव जवळ आला की हा वाद नव्याने सुरू होतो आणि मिरवणूक संपली की तो स्पीकरांबरोबरच गोदामात जाऊन पडतो. या सगळ्या गदारोळात एक साधा प्रश्न मात्र कोणी विचारताना दिसत नाही. त्या स्पीकरांतून जे गाणे वाजते आहे, ते लिहिले कोणी?

आवाजाच्या प्रश्नाला मी येथे हात घालणार नाही. त्यासाठी कायदा आहे. ध्वनिप्रदूषणाचे नियम २००० साली झाले. निवासी भागात दिवसा ५५ आणि रात्री ४५ डेसिबल ही मर्यादा त्यांत घालून दिली आहे आणि रात्री दहा ते सकाळी सहापर्यंत ध्वनिक्षेपकाला मनाई आहे. ती पाळली जावी असेच मला वाटते, कारण वस्तीत म्हातारी माणसे असतात, तान्ही मुले असतात, परीक्षेला बसलेले विद्यार्थीही असतात. पण आवाज हा यंत्राचा गुण झाला. बटण खाली केले की तो प्रश्न सुटतो. मी ज्याविषयी लिहिते आहे, तो प्रश्न बटण खाली करून सुटणारा नाही.

आमची मुकुंदवाडी म्हणजे रेल्वे स्टेशन, जालना रोड आणि चिकलठाण्याची औद्योगिक वसाहत यांच्या आधाराने वाढलेली वस्ती. मराठवाड्यातील खेड्यापाड्यांतून पोटासाठी आलेली कितीतरी कुटुंबे येथे स्थिरावली. येताना त्यांनी भांडीकुंडी आणली तशी गाणीही आणली. १९ फेब्रुवारीला शिवजयंती, १४ एप्रिलला भीमजयंती, १ ऑगस्टला अण्णाभाऊ साठे यांची जयंती, पुढे गणपती, आणि लग्नसराईत तर रोज कोणाची ना कोणाची हळद. असे वर्षभर आमच्याकडे गाणे वाजतच असते. चौदा एप्रिलला शहरातील भडकल गेटच्या पुतळ्याजवळ जो जनसागर लोटतो, त्यात आमच्या वस्तीचीही एक धार असते. या सर्व प्रसंगी एके काळी जलसा, कव्वाली, भजनी मंडळ, बँड, हलगी असायचे. आता बहुतेक ठिकाणी डीजे असतो आणि तो वाजवतो ते ‘मिक्स’.

ज्यांना याची माहिती नसेल त्यांच्यासाठी मिक्स म्हणजे काय ते थोडक्यात सांगते. डीजे एक जुने गाणे घेतो. मिनिटाला त्याचे किती ठोके पडतात ते संगणकावर मोजतो. मग त्याची लय वाढवून त्याखाली नवा ठेका बसवतो. कधी हलगीचा, कधी संबळाचा, कधी सरळ विलायती क्लबातला. आता तर गायकाचा आवाज वाद्यांपासून अलगद वेगळा काढून देणारी साधनेही संगणकावर आली आहेत. गाण्याचे धृपद तो पुन्हा पुन्हा फिरवतो, मध्येच ठेका बंद करतो, लोकांना श्वास रोखायला लावतो आणि मग एकदम सगळा ठेका अंगावर सोडतो. एका गाण्यातून दुसऱ्या गाण्यात असा शिरतो की नाचणाऱ्याचे पाऊल चुकत नाही. हे काम सोपे नाही. कोणत्या गाण्यानंतर कोणते गाणे लावायचे, गर्दी दमली आहे की पेटली आहे, हे ओळखायला कान लागतो आणि माणसांची पारख लागते. त्यामुळे मिक्सला कला म्हणायला माझी हरकत नाही. उलट जे नाक मुरडतात त्यांनी एकदा ते करून पाहावे.

या कलेचा जन्म कोठे झाला हे पाहिले तर आपल्या वस्तीशी तिचे नाते चटकन ध्यानात येते. न्यूयॉर्क शहरात ब्राँक्स नावाचा गरीब लोकांचा भाग आहे. तेथे ११ ऑगस्ट १९७३ रोजी सिंडी कँपबेल नावाच्या मुलीने शाळेच्या नव्या कपड्यांसाठी चार पैसे जमावेत म्हणून आपल्या इमारतीत नाचगाण्याचा कार्यक्रम ठेवला. रेकॉर्ड लावायला होता तिचा भाऊ क्लाइव्ह. जमैकातून आलेला हा मुलगा पुढे ‘कूल हर्क’ या नावाने प्रसिद्ध झाला. गाण्यातला जो तुकडा केवळ ढोलाचा असतो, त्यावर लोक अधिक बेभान नाचतात हे त्याने हेरले. एकाच रेकॉर्डच्या दोन प्रती दोन यंत्रांवर ठेवून तो तेवढाच तुकडा लांबवत नेऊ लागला. ज्यांच्याकडे वाद्ये विकत घ्यायला पैसे नव्हते, त्यांनी रेकॉर्ड वाजवण्याच्या यंत्राचेच वाद्य केले. आमच्याकडे जुना संगणक आणि उसना स्पीकर घेऊन बसणारा मुलगा या अर्थाने त्याच घराण्यातला.

पण या कूल हर्कची आणखी एक गोष्ट आहे आणि माझ्या विषयाला तीच अधिक लागू पडते. आपण कोणती रेकॉर्ड वाजवतो ते इतर डीजेंना कळू नये म्हणून तो रेकॉर्डवरचे कागदी लेबल पाण्यात भिजवून काढून टाकत असे. त्याच्या धंद्याच्या दृष्टीने ही युक्तीच होती. परंतु त्या लेबलाबरोबर गाणाऱ्याचे आणि लिहिणाऱ्याचे नावही पाण्यात जात होते. आपल्याकडे लेबल भिजवावे लागत नाही. ते आपोआपच गळून पडते.

ते कसे, ते पाहू. फिलिप्स कंपनीने कॅसेट आणली १९६३ साली. आपल्याकडे ती खऱ्या अर्थाने घरोघर गेली ती १९८० नंतरच्या दहा वर्षांत. प्रल्हाद शिंदे आणि त्यांचे चिरंजीव आनंद व मिलिंद शिंदे यांचा आवाज खेड्यातल्या चहाच्या टपरीवर पोचवला तो कॅसेटने. या कॅसेटच्या कागदी वेष्टनावर बारीक अक्षरांत का होईना, ‘गीत’, ‘संगीत’, ‘गायक’ असे छापलेले असे. पुढे एमपी-थ्री आले. जर्मनीतल्या फ्राउनहोफर संस्थेत तयार झालेल्या या प्रकाराला १९९५ साली हे नाव मिळाले. शंभर गाणी नखाएवढ्या मेमरी कार्डात मावू लागली. मोबाइलच्या दुकानात दहा-वीस रुपये दिले की दुकानदार कार्ड भरून देई. वेष्टन नाही, कागद नाही, नाव नाही. आज तर कार्डाचीही गरज उरली नाही. व्हॉट्सॲपवर, यूट्यूबवर, पेनड्राइव्हमधून एक मिक्स रात्रीतून मुकुंदवाडीहून परभणीला आणि परभणीहून पुण्याला जाते. फायलीवर डीजेचे नाव असते, गावाचे नाव असते, साल असते. कवीचे नाव नसते.

येथे कोणी म्हणेल, गाणी फुकट वाटणे हीच चोरी आहे, मग नावाचे काय घेऊन बसलात? मला ते पटत नाही. आमच्या समाजाची गाणी विकत घेऊन वाढलेली नाहीत, ती हातोहात आणि मुखोमुखी वाढली. ज्याच्या घरी टेप होता त्याने शेजाऱ्याला कॅसेट दिली. ज्याच्याकडे तेही नव्हते त्याने गाणे पाठ केले. पेनड्राइव्हमधून पेनड्राइव्हमध्ये जाणारे मिक्स ही त्याच चालीची पुढची पायरी आहे. अशी देवघेव बंद झाली तर गरिबाचे गाणे दुकानातच पडून राहील. तेव्हा वाटणाऱ्यांशी माझे भांडण नाही. वाटताना जे सांडते त्याविषयी मला बोलायचे आहे.

आपल्या मराठी कवितेत नाव सांभाळण्याची एक जुनी आणि शहाणपणाची रीत आहे. अभंगाच्या शेवटच्या चरणात कवी आपले नाव गुंफतो. तिला नाममुद्रा म्हणतात. ‘तुका म्हणे’, ‘नामा म्हणे’, ‘चोखा म्हणे’ हे शब्द आपण इतक्या वेळा ऐकले आहेत की त्यांच्यामागची सोय आपल्या लक्षात येत नाही. ज्या समाजात लिहिता-वाचता येणारी माणसे मूठभर होती, तेथे पुस्तकाच्या पहिल्या पानावर नाव छापून काय उपयोग? नाव गाण्यातच विणले, म्हणजे जो गाईल त्याच्या तोंडी ते येणारच. चोखोबा चौदाव्या शतकातले. ज्यांना देवळाची पायरी ओलांडू दिली गेली नाही, त्यांचे नाव त्या शेवटच्या चरणात बसून सहाशे वर्षे चालत आले आणि शेकडो देवळांत गायले गेले. अक्षर न येणाऱ्या माणसांनी ते वाहून आणले.

यंत्र आल्यावरही ही रीत लगेच सुटली नाही. १९०२ साली कलकत्त्याला गौहर जान यांच्या गाण्याच्या तबकड्या निघाल्या, तेव्हा गाणे संपताच त्या स्वतःचे नाव इंग्रजीतून मोठ्याने सांगत. तबकड्या तयार व्हायच्या जर्मनीत. तेथल्या कारागिरांना गाणे कोणाचे ते कळावे ही त्यात सोय होती. शंभरावर वर्षांनी आमचा डीजे नेमके हेच करतो. दर अर्ध्या-एक मिनिटाला गाण्यावरून एक घोगरा आवाज त्याचे नाव पुकारतो. या पुकाऱ्याला ते ‘टॅग’ म्हणतात. बुजुर्ग लोक त्याला हसतात, पण मला ती नाममुद्राच वाटते. फरक इतकाच की ती ज्याने गाणे रचले त्याची नसून ज्याने ते फिरवले त्याची असते.

आता वामनदादा कर्डक यांच्याकडे येऊ. नाशिक जिल्ह्यातील सिन्नर तालुक्यात देशवंडी या गावी १९२२ साली त्यांचा जन्म झाला. शाळा नशिबी नव्हती. अक्षरओळख झाली ती मोठेपणी, मुंबईत कष्ट करत असताना. आणि त्या माणसाने पुढे हजारो गीते लिहिली. बाबासाहेबांचा विचार ज्या घरांत पुस्तकातून पोचणे शक्य नव्हते, त्या घरांत तो गाण्यातून नेला. २००४ साली ते गेले. त्यांच्या गीतांतही शेवटच्या कडव्यात ‘वामन’ हे नाव येते. संतांची रीत त्यांनी अशी आपलीशी केली होती. चौदा एप्रिलला आपण ज्या मिक्सवर नाचतो, त्यांत वामनदादांची गीते किती असतात ते जाणकारांनी मोजावे. मात्र मिक्स म्हणजे धृपद आणि फार तर पहिले कडवे. शेवटच्या कडव्यापर्यंत ते जातच नाही. म्हणजे नाव ज्या जागी जपून ठेवले होते, कात्री बरोबर त्याच जागेवर चालते.

माझ्या आजीला लिहिता-वाचता येत नाही, पण अशी कित्येक गाणी शेवटच्या कडव्यासकट तिला पाठ आहेत. एकदा गल्लीत मिक्स वाजत होते. एक ओळखीचे गाणे लागले म्हणून ती ओट्यावर येऊन बसली. तिच्या बेताने गाणे आता रंगणार, तोच डीजे दुसऱ्या गाण्यात शिरला. ती म्हणाली, “निम्म्यातच तोडलं की गं बाई. नाव तर येऊ द्यायचं व्हतं.” विद्यापीठाच्या परीक्षेत नाममुद्रा या संज्ञेवर टीप लिहा म्हणून प्रश्न आला, तर आजीच्या या वाक्याहून चांगली टीप मला लिहिता येईल असे वाटत नाही.

गाण्याचा शेवट कापला की केवळ नावच जाते असेही नाही, कधी कधी अर्थही जातो. अण्णाभाऊ साठे यांची ‘माझी मैना’ ही प्रसिद्ध छक्कड घ्या. शाहीर विठ्ठल उमप यांच्या आवाजात ती गावोगाव पोचली. सुरुवातीला ती मुंबईला कामासाठी आलेल्या नवऱ्याच्या विरहाची वाटते. गावी राहिलेल्या बायकोचे वर्णन, तिची आठवण, शहरातली तगमग. पण शेवटाकडे जाता जाता कळते की ही ताटातूट नवरा-बायकोपुरती नाही. संयुक्त महाराष्ट्राच्या लढ्यात लिहिलेले हे गाणे आहे, आणि बेळगाव-कारवारसारखा जो मुलूख तुटून राहिला त्याचे दुःख त्या मैनेच्या रूपाने सांगितले आहे. अशा गाण्याच्या पहिल्या चार ओळींचा कोणी मिक्स केला, तर ऐकणाऱ्याला ते एका सुंदर बायकोचे गाणे वाटेल. नाचायला ते चांगलेच असेल. पण अण्णाभाऊंनी जे सांगण्यासाठी ते लिहिले, ते त्यात उरणार नाही.

यावर डीजेंचे म्हणणे काय असते तेही ऐकले पाहिजे. आमच्या मागच्या गल्लीत एक मुलगा आहे. दिवसा कारखान्यात पाळी करतो आणि रात्री मिक्स बनवतो. त्याला मी विचारले, तर तो म्हणाला, “गाणं लांबलं की माणसं थांबतात ताई. कडवं कोण ऐकतंय?” त्याचे म्हणणे खोटे नाही. पण थोड्या वेळाने तोच रागारागाने सांगू लागला, की त्याने महिनाभर खपून केलेले एक मिक्स दुसऱ्या गावच्या डीजेने उचलले, त्याचा टॅग कापला आणि आपला टॅग घालून यूट्यूबवर टाकले. “मेहनत माझी आन् नाव त्याचं!” असे तो दोनदा म्हणाला. मी विचारले, “त्यातली मूळ गाणी कोणाची होती?” तो म्हणाला, “मला आली तवाच त्यावर नाव नव्हतं.”

या एका उत्तरात सारे दुखणे आले. नाव कोणी मुद्दाम पुसत नाही. ज्याच्याकडून गाणे आले त्याच्याकडेही ते नव्हते आणि त्याच्या आधीच्याकडेही नव्हते. हातोहात जाताना प्रत्येकाच्या हातून थोडे थोडे सांडले. पण नाव गेल्याचे दुःख काय असते हे डीजेइतके कोणाला कळावे? ज्याला आपला टॅग कापल्याचा संताप येतो, त्याला कवीच्या नाममुद्रेचे महत्त्व पटवून द्यायला वेगळा तत्त्वज्ञ बोलवायला नको.

दुसरा एक आक्षेप अधिक वजनाचा आहे. काही थोर मंडळी म्हणतात, ही गाणी समाजाची आहेत, चळवळीची आहेत. शाहिरांनी ती पैशासाठी किंवा प्रसिद्धीसाठी लिहिली नाहीत. मग नावाचा हट्ट कशाला? ऐकायला हे फार उदात्त वाटते. पण शाहिराला नावाची पर्वा नव्हती असे म्हणणाऱ्यांनी त्याचे शेवटचे कडवे वाचलेले नाही. पैसा त्याने मागितला नसेल. नाव मात्र त्याने स्वतःच्या हाताने लिहून ठेवले आहे. ज्यांच्या पिढ्यान्‌पिढ्यांची नावे सातबारावर नव्हती आणि शाळेच्या हजेरीपटावरही नव्हती, त्यांच्यापैकी एकजण अक्षर शिकून गाण्याच्या अखेरीस आपले नाव लिहितो, तेव्हा ती हौस नसते. ती सही असते. ती पुसायचा अधिकार समाजाला तरी कोणी दिला?

कायदाही या बाबतीत कवीच्या बाजूने आहे. १९५७ च्या कॉपीराइट कायद्याप्रमाणे कवीच्या मृत्यूनंतर साठ वर्षे त्याच्या रचनेवर हक्क चालतो. या हिशेबाने वामनदादांच्या गीतांवरचा हक्क २०६४ अखेरपर्यंत आहे. त्याच कायद्याच्या ५७ व्या कलमाने कवीला आणखी एक अधिकार दिला आहे. गाण्याचे हक्क त्याने विकून टाकले तरी ‘हे मी लिहिले’ असे म्हणण्याचा त्याचा अधिकार विकला जात नाही. म्हणजे पैशाचा हक्क आणि नावाचा हक्क या दोन वेगळ्या गोष्टी आहेत, हे कायद्यालाही मान्य आहे. तरीसुद्धा हा प्रश्न कोर्टकचेरीने सुटावा असे मला वाटत नाही. वस्तीतल्या डीजेवर खटला भरून कोणत्याही शाहिराला आनंद झाला नसता.

नाव हरवल्याची किंमत काय होऊ शकते, याचे एक उदाहरण अमेरिकेत घडले आहे. १९६९ साली ‘द विन्स्टन्स’ नावाच्या वाद्यवृंदाने एक रेकॉर्ड काढली. तिच्यात ग्रेगरी कोलमन नावाच्या वादकाने सुमारे सहा सेकंदांचा ढोलाचा तुकडा वाजवला होता. पुढे डीजेंनी आणि संगीतकारांनी हा तुकडा उचलला आणि तो हजारो गाण्यांत वापरला गेला. इंग्लंडमधील क्लबांत वाजणारा संगीताचा एक सबंध प्रकार त्या सहा सेकंदांवर उभा राहिला. कोलमनला त्याचा एक पैसा मिळाला नाही. २००६ साली तो वारला तेव्हा त्याला राहायला घरही नव्हते. २०१५ मध्ये इंग्लंडमधील डीजेंच्या पुढाकाराने लोकांनी वर्गणी गोळा केली आणि त्या वाद्यवृंदाच्या प्रमुखाला, रिचर्ड स्पेन्सर यांना, सुमारे २४ हजार पौंड दिले. ज्याने ढोल वाजवला तो हे पाहायला नव्हता. वर्गणी गोळा करणाऱ्यांचे मन मोठे खरेच. पण उशीर झाला तो झालाच.

आपल्याकडे असे होऊ नये म्हणून काही फार मोठे करावे लागेल असेही नाही. एमपी-थ्रीच्या फायलीत नावासाठी जागा आहे. १९९६ साली फायलीच्या अखेरीस १२८ बाइटचा एक छोटा कप्पा जोडण्याची पद्धत निघाली. त्यात गाण्याचे शीर्षक, कलावंत, साल अशी माहिती भरता येई. योगायोगाची गोष्ट अशी की यंत्रानेही नावासाठी शेवटचीच जागा निवडली. दोन वर्षांनी या पद्धतीची सुधारलेली आवृत्ती आली. तिच्यात संगीतकारासाठी वेगळा रकाना आहे आणि गीत लिहिणाऱ्यासाठीही वेगळा रकाना आहे. म्हणजे परदेशात बसलेल्या कोणा संगणक जाणणाऱ्या माणसाला गीतकाराची आठवण राहिली. रकाना आजही आहे. आपण तो रिकामा ठेवून गाणे पुढे पाठवतो, इतकेच.

म्हणून माझ्या सूचना अगदी साध्या आहेत. डीजेने आपला टॅग जरूर वाजवावा. पण त्याच आवाजात एकदा, गाणे सुरू होताना किंवा सुटताना, कवीचे आणि मूळ गायकाचे नाव घ्यावे. त्याला पाच सेकंदही लागत नाहीत. आकाशवाणीवर निवेदक गीतकाराचे नाव सांगतो म्हणून कोणी रेडिओ बंद केल्याचे ऐकिवात नाही. दुसरे म्हणजे मिरवणुकीत निदान एक गाणे तरी शेवटच्या कडव्यापर्यंत वाजवावे. मिक्स करणाऱ्याच्या अंगी खरी कला असेल तर शेवटच्या कडव्याखालीही त्याला ठेका बसवता येईल. कदाचित तेथेच त्याची परीक्षा आहे. तिसरे म्हणजे मंडळांनी मिरवणुकीच्या गाडीवर देणगीदारांची नावे लावतात, तशीच त्या दिवशी वाजणाऱ्या गाण्यांच्या कवींची नावेही लावावीत. पाचशे रुपये देणाऱ्याचे नाव हातभर अक्षरांत येते आणि सबंध मिरवणूक ज्याच्या शब्दांवर नाचते त्याचे नाव कोठेच नाही, हे शोभत नाही.

चौथी सूचना आपल्या सर्वांसाठी, म्हणजे विद्यार्थ्यांसाठी आहे. आपल्यापैकी पुष्कळजण घरातून पहिल्यांदाच महाविद्यालयात आलेले आहेत. शिकून आपण काय केले असे घरचे विचारतात, तेव्हा उत्तर देताना आपण चाचरतो. हे एक काम तर आपल्या हाती आहे. आपल्या घरातल्या, गल्लीतल्या वडीलधाऱ्यांना जी गाणी पूर्ण येतात ती लिहून घ्यावीत, शेवटच्या कडव्यासकट. शक्य असेल तर मोबाइलवर त्यांच्याच आवाजात मुद्रित करावीत. नाव सापडले नाही तर कवी अज्ञात आहे असे प्रामाणिकपणे लिहावे, भलत्याच्या नावावर गाणे घालू नये. मराठी विभागाने असा संग्रह केला आणि तो वस्तीतल्या डीजेंच्या हाती दिला, तर ‘मला आली तवाच त्यावर नाव नव्हतं’ असे म्हणण्याची वेळ त्यांच्यावर येणार नाही.

मिक्सला भविष्य नाही असे समजून हे सारे झटकून टाकू नये. २०२४ साली क्रेटेक्स आणि श्रेयस यांचे ‘तांबडी चामडी’ हे मराठी गाणे स्पिनिन रेकॉर्ड्स या नेदरलँड्सच्या कंपनीने प्रसिद्ध केले आणि मराठी शब्द परदेशी क्लबांच्या ठेक्यावर जाऊन बसले. उद्या भीमगीतेही तेथे पोचतील. मुकुंदवाडीच्या एखाद्या मुलाने केलेले मिक्स लंडनच्या क्लबात वाजणार नाही असे कोणी सांगावे? ते वाजावे अशीच माझी इच्छा आहे. पण तेथे कोणी विचारले की हे शब्द कोणाचे, तर आपल्याजवळ उत्तर असले पाहिजे. ते येथे, याच वस्तीत, म्हाताऱ्या माणसांच्या तोंडी अजून शाबूत आहे, तोवरच ते टिपून घेणे शक्य आहे. येत्या चौदा एप्रिलला निदान एका गाडीवरून एका कवीचे नाव मोठ्याने पुकारले गेले, तर सुरुवात झाली असे मी समजेन.